फळ्यावर अडखळणारी वजाबाकी

52 मधून 27 वजा करायचे आहेत. दोनातून सात जात नाहीत, म्हणून एक दशक सुटा करायचा आणि दोनाचे बारा करायचे. इथवर बरीच मुलं येतात. पण पाचाचे चार करायचं राहून जातं आणि उत्तर येतं 35. अशा मुलाला रीत कोणी करून दाखवावी?

अमेरिकी मानसशास्त्रज्ञ डेल शंक यांनी 1985 साली एका सहकाऱ्यासोबत हे तपासलं. वजाबाकीत अडणाऱ्या काही मुलांना शिक्षक गणित सोडवताना दाखवले, काहींना त्यांच्याच वयाचं मूल. शिक्षकांना पाहणारी मुलं सुधारली. बरोबरीच्या मुलाला पाहणारी त्याहून जास्त सुधारली. ‘त्याला जमलं, म्हणजे मलाही जमेल’ हा भरवसा त्यांना मिळाला होता. 1987 मध्ये अपूर्णांकांवर केलेल्या अभ्यासात आणखी एक गोष्ट दिसली. सगळं झटपट बरोबर करणाऱ्या एकाच मुलापेक्षा आधी चाचपडणारं, मग हळूहळू सावरणारं मूल पाहण्याचा जास्त फायदा झाला. मला हा निष्कर्ष फार मोलाचा वाटतो, कारण आपण फळ्याजवळ बोलावतो ते बहुधा वर्गातल्या हुशार मुलाला.

दुसऱ्याला पाहून शिकण्याच्या या विचाराचा पाया मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट बांडुरा यांनी घातला. 1965 च्या त्यांच्या प्रयोगात लहान मुलांनी एक फिल्म पाहिली. तिच्यात एक मोठा माणूस हवेच्या बाहुल्याला बदडतो. काहींच्या फिल्ममध्ये शेवटी त्याला शाबासकी मिळाली, काहींच्या फिल्ममध्ये बोलणी आणि मार, तर काहींच्या फिल्ममध्ये काहीच घडलं नाही. शिक्षा पाहिलेल्या मुलांनी नक्कल कमी केली. मग ‘त्यानं जे केलं ते करून दाखव, बक्षीस देईन’ असं सांगितलं, तेव्हा हा फरक जवळजवळ उरला नाही. शिकली सगळीच होती. काहींनी ते दाखवलं नव्हतं, इतकंच.

म्हणून बाईंनी उदाहरण सोडवताना मनातला विचार मोठ्यानं बोलावा: ‘थांबा, एक दशक घेतला ना? मग इथे पाच कसे राहतील?’ आणि नंतर नुकतीच ही रीत जमू लागलेल्या मुलीला फळ्याजवळ बोलवावं. ती अडखळेल, तेव्हा तिला खोडून पुन्हा लिहायला वेळ द्यावा. त्या क्षणी वर्ग हसला, तर बाकीची मुलं वजाबाकीबरोबर हेही शिकतील की हात वर करायचा नाही.