परशुराम (डकोटा विमान)

भारतीय वायुदलाने उडत्या स्थितीत जतन केलेले डग्लस डीसी-३ जातीचे दोन इंजिनांचे जुने वाहतूक विमान. शेपटीवरील क्रमांक व्हीपी ९०५. या जातीच्या लष्करी विमानाला ब्रिटिश वायुदलाने दिलेले ‘डकोटा’ हे नाव भारतात रूढ झाले आणि मराठीत तर विमानापेक्षा रस्त्यावरच जास्त रुळले. करूळ घाट चढताना धाप लागलेल्या एसटीला कोल्हापूरचा प्रवासी सहज ‘डकोटा’ म्हणून मोकळा होतो. मूळ विमानावर हा अन्यायच आहे.

डीसी-३ चे पहिले उड्डाण १७ डिसेंबर १९३५ रोजी झाले. पुढे महायुद्धात त्याची लष्करी आवृत्ती हजारोंनी बांधली गेली. अंग सगळे धातूचे, पंखांचा विस्तार सुमारे २९ मीटर, आणि प्रत्येकी सुमारे १,२०० अश्वशक्तीची दोन इंजिने. प्रत्येक इंजिनात १४ सिलिंडर वर्तुळाकार मांडलेले असतात. विमान बराच वेळ उभे राहिले की खालच्या सिलिंडरांत तेल झिरपून साठते. म्हणून इंजिन सुरू करण्याआधी पंखा हाताने फिरवून पाहावा लागतो. घाई केली तर इंजिनच मोडायचे. तिसरे चाक शेपटीखाली असल्याने जमिनीवर विमान नाक वर करून बसते. कच्च्या धावपट्टीवर उतरण्याची त्याची ताकद मात्र खरी कामाची ठरली.

२७ ऑक्टोबर १९४७ रोजी १२ क्रमांकाच्या स्क्वाड्रनच्या डकोटांनी शीख रेजिमेंटच्या पहिल्या पलटणीचे जवान श्रीनगरला उतरवले. त्यांतील पहिल्या विमानाचा क्रमांक व्हीपी ९०५ होता. मे १९४८ मध्ये एअर कमोडोर मेहर सिंग यांनी जनरल थिमय्यांना सोबत घेऊन लेहच्या घाईने तयार केलेल्या पट्टीवर डकोटा उतरवले. ती जागा समुद्रसपाटीपासून ३,००० मीटरहून उंच, आणि विमानात हवेचा दाब राखण्याची सोय नाही. वायुदलात डकोटा १९८० च्या दशकापर्यंत टिकले.

आजचे ‘परशुराम’ हे १९४७ चे ते विमान नव्हे, फक्त क्रमांक त्याचा आहे. बातम्यांत ही गल्लत नेहमी होते. हे विमान तेव्हाचे खासदार राजीव चंद्रशेखर यांनी आयर्लंडमध्ये भंगारातून मिळवले आणि इंग्लंडमध्ये दुरुस्त करून घेतले. त्यांचे वडील एअर कमोडोर एम. के. चंद्रशेखर वायुदलात डकोटाचे वैमानिक होते. विमान वायुदलाला भेट देण्याचा प्रस्ताव आधी नाकारला गेला. मनोहर पर्रीकर संरक्षणमंत्री असताना तो स्वीकारला गेला. एप्रिल २०१८ मध्ये कॉव्हेंट्रीहून निघालेले विमान युरोप आणि आखातातील मुक्काम करत जामनगरला उतरले. ४ मे २०१८ रोजी हिंडन तळावर ते रीतसर वायुदलात दाखल झाले. सह्याद्रीच्या दोन्ही अंगांच्या लोकांना परशुराम हे नाव समजावून सांगावे लागत नाही.

कोल्हापूरच्या उजळाईवाडीची धावपट्टी छत्रपती राजाराम महाराजांच्या काळातली, १९३९ ची. पण या भागाचा डकोटाशी खरा धागा पलटणीतून जातो. ११ डिसेंबर १९७१ रोजी तत्कालीन पूर्व पाकिस्तानात टांगाईलजवळ दुसरी पॅरा पलटण छत्रीने उतरवली गेली. त्या मोहिमेत इतर मालवाहू विमानांबरोबर डकोटाही होते. ही पलटण मुळात मराठा लाइट इन्फंट्रीची. सैनिक टाकळीसारख्या, घरटी फौजी असलेल्या गावांच्या जिल्ह्यात मराठा पलटणींचे नाव घरातल्या माणसासारखे घेतले जाते. पुंगलीचा पूल ताब्यात घेऊन हे जवान पुढे गेले आणि १६ डिसेंबरला ढाक्यात शिरणाऱ्या पहिल्या भारतीय तुकडीत होते.

२६ जानेवारी २०२२ च्या दिल्लीतील संचलनात एक डकोटा दोन डॉर्निअर विमानांना बाजूला घेऊन उडाले. त्या रचनेला नाव दिले होते ‘टांगाईल’.