थ्री-पॉइंटर मोठ्या लीगने शोधला? नाही हो

दर काही महिन्यांनी तोच फॉरवर्ड मेसेज येतो, 'बास्केटबॉलमधला थ्री-पॉइंटर अमेरिकेतल्या मोठ्या लीगने (NBA) 1979 मध्ये शोधून काढला'. थ्री-पॉइंटर म्हणजे मैदानावर आखलेल्या रेघेबाहेरून, लांबून टाकलेली बास्केट, तिला दोनऐवजी तीन पॉइंट मिळतात. तारीख बरोबर आहे, म्हणून सगळ्यांना पटतं, मलाही बरीच वर्षं पटत होतं. पण 1979 ला त्यांनी नियम फक्त स्वीकारला.

कॉलेजच्या एका मॅचमध्ये ही रेघ 1945 लाच आखून बघितली होती. 1961 मध्ये एका नव्या प्रोफेशनल लीगने नियम लावला, ती दीड सीझनमध्येच बंद पडली आणि नियमही गेला असता, पण 1963-64 च्या सीझनला पेनसिल्व्हेनियाकडच्या एका मायनर, म्हणजे दुय्यम दर्जाच्या, लीगने तो उचलला. स्क्रँटन, विल्क्स-बॅरे, ॲलनटाउन, म्हणजे कोळशाच्या खाणी आणि कारखान्यांच्या पट्ट्यातली गावं. मॅचेस शनिवार-रविवारी, कारण खेळाडू आठवडाभर दुसऱ्या नोकऱ्या करायचे! मग 1967 ला मोठ्या लीगशी टक्कर द्यायला आलेल्या दुसऱ्या एका लीगने त्याचा गाजावाजा केला, आणि 1979 त्यानंतर आलं.

स्वतः तपासायचंय तर या गावांच्या टीम्सचे 1964 नंतरचे जुन्या पेपरांतले स्कोअरकार्ड शोधा. थ्रीचा वेगळा रकाना नसला तरी हिशोब लागतो. समजा एकाचे 9 बास्केट, 5 फ्री थ्रो (फाउलनंतर मिळणारे, प्रत्येकी 1 पॉइंटचे) आणि पॉइंट 25 लिहिलेत. 9 दुणे 18 अधिक 5, झाले 23, मग उरलेले 2 कुठून आले? नऊपैकी दोन बास्केट लांबून, रेघेबाहेरून पडलेत. छपाईची चूक असू शकते, म्हणून एकावर थांबू नका, चार-पाच कार्डं बघा.