थेआ फॉन हार्बो

थेआ फॉन हार्बो (२७ डिसेंबर १८८८ – १ जुलै १९५४) : जर्मन पटकथालेखिका व कादंबरीकार. दिग्दर्शक फ्रिट्झ लांग यांच्या जर्मनीतील बहुतेक गाजलेल्या चित्रपटांच्या लेखनात त्यांचा मोठा वाटा होता. नाव मात्र झाले ते दिग्दर्शकाचे.

बव्हेरियातील टाउपर्लिट्झ येथे उमराव घराण्यात त्यांचा जन्म झाला. सुरुवातीला त्या रंगभूमीवर अभिनेत्री होत्या. १९१४ मध्ये त्यांनी रुडोल्फ क्लाइन-रोगे या नटाशी लग्न केले. १९१८ मध्ये ‘डास इंडिशे ग्राबमाल’ (भारतीय समाधी) ही कादंबरी आली. महाराजे, योगी, वाघ असा तिचा सगळा संसार भारताचा, पण लेखिकेने भारत पाहिलेला नव्हता. तिच्या पटकथेच्या निमित्ताने लांग भेटले आणि १९२२ मध्ये दोघांचे लग्न झाले. क्लाइन-रोगे यांनी पुढेही या दोघांच्या चित्रपटांत कामे केली, पडद्यावरचा गुन्हेगार डॉ. माबुझे आणि ‘मेट्रोपोलिस’मधला वेडा शास्त्रज्ञ रोटवांग हे तेच.

‘मेट्रोपोलिस’ (१९२७) या चित्रपटाची कथा कादंबरी म्हणूनही त्यांनीच लिहिली. उंच मनोऱ्यांत मालक, जमिनीखाली यंत्रांना जुंपलेले कामगार आणि दोघांना जोडणारे हृदय, ही त्यातली कल्पना भाबडी आहे. पण त्या शहराचे चित्र शतकभर टिकले. ‘फ्राउ इम मोंड’ (चंद्रावरची स्त्री, १९२९) या मूकपटात रॉकेट सुटण्याआधीची उलटी मोजणी पाट्यांवरच्या आकड्यांनी दाखवली आहे. लेखनाची खरी उंची दिसते ती लहान मुलांच्या खुन्याच्या शोधावरच्या ‘एम’ (१९३१) या बोलपटात. आंधळा फुगेवाला खुन्याला ओळखतो तो शिट्टीच्या सुरावरून. मग एक पोरगा खडूने तळहातावर ‘एम’ (जर्मन ‘म्योर्डर’, म्हणजे खुनी, याचे आद्याक्षर) काढतो आणि सहज आपटल्यासारखा हात खुन्याच्या कोटावर उमटवतो.

१९३३ मध्ये लांग यांच्याशी घटस्फोट झाला. ते देश सोडून गेले, हार्बो राहिल्या. त्या नाझी पक्षाच्या सदस्य झाल्या, त्या राजवटीत भरपूर पटकथा लिहिल्या, १९३४ मध्ये दोन चित्रपट दिग्दर्शितही केले. गर्भपातविरोधी कायद्याविरुद्ध १९३१ मध्ये जाहीरपणे उभी राहिलेली हीच बाई. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत आणि नाझींशी असलेल्या संबंधावर पांघरूण घालून त्यांचे मोठेपण सांगता येणार नाही.

याच काळात त्यांच्या आयुष्यात एक मराठी माणूस आला. बेळगावकडचे पत्रकार अयी गणपत तेंडुलकर जर्मनीत शिकायला गेले होते. वयाने ते बरेच लहान. दोघांनी गुपचूप लग्न केले. दुसऱ्या महायुद्धापूर्वी तेंडुलकर मायदेशी परतले, बेळगावात त्यांनी ‘वार्ता’ हे मराठी वृत्तपत्र काढले आणि १९४५ मध्ये इंदुमती गुणाजी यांच्याशी विवाह केला.

युद्धानंतर हार्बो काही महिने ब्रिटिशांच्या छावणीत स्थानबद्ध होत्या. सुटल्यावर त्यांनी बर्लिनचे ढिगारे उपसण्याचे कामही केले. १९५४ मध्ये बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात ‘डेर म्यूडे टोड’ (थकलेला मृत्यू, १९२१) हा त्यांनी लांगबरोबर लिहिलेला जुना मूकपट दाखवला गेला, तेव्हा त्या सन्माननीय पाहुण्या होत्या. चित्रगृहातून बाहेर पडताना त्या पडल्या, खुब्याला मार बसला आणि त्या दुखण्यातच काही दिवसांनी वारल्या.