आयव्ही काढणे (पोकेमॉन)

आयव्ही काढणे : पोकेमॉन या जपानी व्हिडिओ गेमच्या मालिकेत पकडलेल्या प्राण्याचे जन्मजात गुणांक पडद्यावर दिसत नाहीत. दिसणाऱ्या आकड्यांवरून ते शोधून काढण्याच्या रीतीला आयव्ही काढणे म्हणतात. आयव्ही म्हणजे इंडिव्हिज्युअल व्हॅल्यू. जपानी खेळाडू याला ‘कोताइची’, म्हणजे एकेका जिवाचे मूल्य, म्हणतात. इंदूरच्या मराठी घरांतली मुले नुसते ‘आयव्ही किती निघाली?’ एवढेच विचारतात, आणि हे ‘निघणे’ क्रियापद इथे अगदी चपखल बसते. आकडा आत असतोच, तो आकडेमोडीने बाहेर काढावा लागतो.

गेम फ्रीक कंपनीने केलेले रेड आणि ग्रीन हे मालिकेतले पहिले दोन खेळ २७ फेब्रुवारी १९९६ रोजी जपानमध्ये गेम बॉय या हातात धरून खेळायच्या यंत्रासाठी आले. एकाच जातीचे, एकाच लेव्हलचे दोन प्राणी हुबेहूब सारखे निघू नयेत, ही सोय त्यांत पहिल्यापासून होती. तेव्हा अटॅक, डिफेन्स, स्पीड आणि स्पेशल अशा चार गुणांना ० ते १५ पैकी एकेक छुपा आकडा मिळे. एचपीचा, म्हणजे जीवशक्तीचा, आकडा वेगळा साठवलेला नसे. अटॅकचा आकडा विषम असेल तर ८, डिफेन्सचा विषम असेल तर ४, स्पीडचा असेल तर २ आणि स्पेशलचा असेल तर १ अशी बेरीज करून तो तयार होई. १९९९ च्या गोल्ड आणि सिल्व्हरमध्ये तर प्राण्याचा रंगही या आकड्यांवरच ठरू लागला. डिफेन्स, स्पीड आणि स्पेशल तिन्ही नेमके १० आणि अटॅक २, ३, ६, ७, १०, ११, १४ किंवा १५ असेल तरच प्राणी ‘शायनी’, म्हणजे निराळ्या रंगाचा. एकूण ६५,५३६ जुळण्यांपैकी अशा फक्त आठ, म्हणजे ८,१९२ मध्ये एक. त्या खेळातला तळ्यावरचा प्रसिद्ध लाल ग्यारॅडोस असाच. त्याचा नुसता रंग पाहिला की तीन आयव्ही न काढताच कळतात.

आजची पद्धत २००२ च्या रुबी आणि सॅफायरपासूनची. एचपी, अटॅक, डिफेन्स, स्पेशल अटॅक, स्पेशल डिफेन्स आणि स्पीड असे सहा गुण, आणि प्रत्येकाला ० ते ३१ पैकी एक आकडा. अशा जुळण्या होतात १,०७,३७,४१,८२४. एकाच जातीचे एकशे सात कोटींहून अधिक वेगवेगळे प्राणी!

पडद्यावर दिसणारा आकडा लेव्हलखेरीज चार गोष्टींनी बनतो. पहिला जातीचा मूळ अंक, जो त्या जातीच्या सगळ्या प्राण्यांना सारखाच. दुसरी आयव्ही. तिसरी ईव्ही, म्हणजे लढाया जिंकून साठणारी मेहनत. चौथा स्वभाव. स्वभावाचे पंचवीस प्रकार आहेत. त्यांतले वीस एक गुण दहा टक्के वाढवून दुसरा दहा टक्के घटवतात, उरलेल्या पाचांचा आकड्यांवर काही परिणाम होत नाही. हिशेब असा : मूळ अंकाची दुप्पट करायची, त्यात आयव्ही मिळवायची, ईव्हीचा चौथा हिस्सा मिळवायचा. बेरजेला लेव्हलने गुणून १०० ने भागायचे, अपूर्णांक टाकून द्यायचा आणि ५ मिळवायचे. मग स्वभावाची वाढ-घट, आणि तिथेही अपूर्णांक टाकायचा. एचपीला ५ ऐवजी लेव्हल अधिक १० मिळवतात आणि स्वभावाचा त्याच्याशी संबंध नसतो.

या सगळ्या विद्येची मेख त्या टाकून दिलेल्या अपूर्णांकात आहे. लहान लेव्हलला आयव्हीचा बराचसा भाग त्या अपूर्णांकाबरोबरच जातो, म्हणून दहा-दहा वेगवेगळ्या आयव्हींचे प्राणी पडद्यावर सारखेच दिसतात. पण प्रत्येक लेव्हलला अपूर्णांक वेगळ्या ठिकाणी तुटतो. एका लेव्हलला जे लपले, ते दुसऱ्या लेव्हलला उघडे पडते.

हे समजून घ्यायला सूत्रापेक्षा एखादे चालते उदाहरण बरे. रामबागेत राहणाऱ्या माझ्या भाच्याने एका रविवारी सकाळी, पोह्यांची बशी बाजूला सारून, किराण्याच्या हिशेबाच्या वहीमागे हे केले, तेव्हा मी शेजारीच बसलो होतो. त्याचा पिकाचू ‘हार्डी’ स्वभावाचा होता, म्हणजे वाढ नाही की घट नाही. पकडल्यापासून त्याला एकही लढाई लढू दिली नव्हती. लेव्हल वाढवायची ती फक्त रेअर कँडी खाऊ घालून, कारण कँडीने ईव्ही साठत नाही. पिकाचूच्या स्पीडचा मूळ अंक ९०, दुप्पट १८०.

लेव्हल १० ला स्पीड दिसला २४. त्यातले ५ वजा केले की उरतात १९. म्हणजे १८० अधिक आयव्ही ही बेरीज १९० ते १९९ मध्ये, आयव्ही १० ते १९ मध्ये. एका फटक्यात बत्तीस शक्यतांच्या दहा झाल्या. लेव्हल १५ ला आकडा आला ३४. आयव्ही १० ते १३ असती तर ३३ च दिसले असते, म्हणून आता १४ ते १९. लेव्हल १६ ला दिसले ३६, आणि त्यातून काहीच कळले नाही, कारण १४ पासून १९ पर्यंत कुठलीही आयव्ही असली तरी तिथे ३६ च येतात. मुलाचे तोंड पडले. कँडी फुकट गेली असे त्याला वाटले. लेव्हल १७ ला मात्र ३८ आले. चौदा असती तर ३७ आले असते. चौदा गळाली, राहिल्या पंधरा ते एकोणीस.

इथे त्याने वही मिटून पिकाचूच्या माहितीचे पान उघडले. २००६ च्या डायमंड आणि पर्लपासून त्या पानावर प्राण्याच्या सवयीचे एक वाक्य असते. ते वाक्य दोन गोष्टी सांगते : सहा गुणांत सर्वांत मोठी आयव्ही कोणाची, आणि त्या आयव्हीला ५ ने भागल्यावर बाकी काय राहते. पिकाचूचे वाक्य ‘चट्कन पळ काढतो’ अशा अर्थाचे होते. ते स्पीडचे आणि बाकी ४ चे. पंधरा ते एकोणीस यांत ५ ने भागून ४ उरतात असा आकडा एकच.

“मामा, बघ ना, एकोणीसच निघतोय!”

सराफ्यात उमेदवारी केलेले त्याचे आजोबा झोपाळ्यावरून ऐकत होते. ते म्हणाले, “म्हणजे तू त्याला कस लावलास.” मला ही उपमा फार नेमकी वाटते. कसोटीवर सोने वितळवत नाहीत, नुसती रेघ ओढून पाहतात, आणि एका रेघेने समाधान झाले नाही तर दुसरी ओढतात. शिवाय त्या एका वाक्यातून आणखी एक गोष्ट पदरात पडली होती. स्पीड सर्वांत मोठा आणि तो १९, म्हणजे बाकीच्या पाचही आयव्ही १९ किंवा त्याहून कमीच. पाच वेगळ्या गणितांची वरची हद्द आयती ठरली.

घोटाळे होतात ते बहुधा ईव्हीपायी. गुहेतून जाताना झुबॅट नावाचे वटवाघळासारखे प्राणी सतत आडवे येतात, आणि एक झुबॅट हरवला की स्पीडची एक ईव्ही मिळते. असे चार हरवले की हिशेबात ते आयव्ही एकने वाढल्यासारखेच दिसते, आणि नंतर त्या दोहोंतला फरक ओळखता येत नाही. भाच्याची आधीची दोन पाने अशीच वाया गेली होती. दुसरी चूक स्वभाव न पाहण्याची. ‘जॉली’ पिकाचूचा स्पीड दहा टक्के चढा असतो. तो साधा धरून मोजला तर आयव्ही पुष्कळदा ३१ च्याही वर जाते, आणि मग लक्षात येते की कुठेतरी चुकले.

स्पर्धेतल्या लढाया बहुधा लेव्हल ५० ला होतात, आणि तिथे या पद्धतीचा एक आंधळा कोपरा आहे. शंभराने भागून पन्नासाने गुणायचे म्हणजे निम्मे करायचे, त्यामुळे ३० आणि ३१ दोन्हींना पिकाचूचा स्पीड ११० च दिसतो. सम की विषम हे तिथे कळत नाही. ते सांगायला खेळांच्या दुसऱ्या पिढीपासून (गोल्ड-सिल्व्हर) सातव्या पिढीपर्यंत (सन-मून) ‘हिडन पॉवर’ ही लढाईतली चाल होती. तिसऱ्या पिढीपासून (रुबी-सॅफायर) तिचा प्रकार सहाही आयव्हींच्या सम-विषमतेवरून ठरे. सहाही विषम असतील तर ती ‘डार्क’ निघे. म्हणजे जो कोपरा आकड्यांना दिसत नव्हता, तोच ही चाल दाखवून देई. २०१९ च्या स्वॉर्ड आणि शील्डमधून ती काढून टाकली, याची मला अजून हळहळ वाटते.

खेळ करणाऱ्यांनीही हळूहळू पडदा किलकिला केला. २००८ च्या प्लॅटिनममध्ये एक परीक्षक आला. सहा आयव्हींची बेरीज जास्तीत जास्त १८६ होते, ती १५१ किंवा त्याहून जास्त असेल तर तो भरभरून कौतुक करी, आणि सर्वांत चांगला गुण कोणता तेही सांगे. २०१६ च्या सन आणि मूनमध्ये हीच परीक्षा साठवणुकीच्या पेटीतच बसवली. त्याच खेळात ‘हायपर ट्रेनिंग’ आले. लेव्हल १०० च्या प्राण्याला बाटलीच्या झाकणासारखी एक दुर्मिळ वस्तू देऊन त्याचा गुण ३१ असल्यासारखा करून घेता येऊ लागला. जन्माची आयव्ही मात्र तशीच राहते आणि पिल्लांत तीच उतरते. त्यामुळे वंश चालवणाऱ्याला खरा आकडा आजही लागतोच.

इंदूरमध्ये हा विषय अंगणाबाहेर आला तो पोकेमॉन गोमुळे. फोनवरचा, चालत चालत खेळायचा हा खेळ भारतात डिसेंबर २०१६ मध्ये अधिकृतपणे सुरू झाला. २०२३ मध्ये त्यात हिंदी भाषाही आली. आता राजवाड्यापासून कृष्णपुऱ्याच्या छत्र्यांकडे जाणारी मराठी पोरे फोनवर हिंदी वाचतात आणि आयव्हीवरून वाद घालतात मराठीत. या खेळाचा महिन्यातला कम्युनिटी डे, म्हणजे सगळ्यांनी एकाच वेळी बाहेर पडून खेळायचा दिवस, सहसा दुपारी दोन ते पाच असतो. मे महिन्याच्या इंदुरी उन्हात ती वेळ सोपी नाही.

गोमध्ये गुण तीनच : अटॅक, डिफेन्स आणि स्टॅमिना. आयव्ही ० ते १५, जुळण्या ४,०९६. पडद्यावर ठळक दिसतो तो सीपी, म्हणजे लढाऊ ताकदीचा आकडा. अटॅक, डिफेन्सचे वर्गमूळ, स्टॅमिनाचे वर्गमूळ आणि लेव्हलच्या गुणकाचा वर्ग यांचा गुणाकार करून त्याला १० ने भागले की सीपी मिळतो. सुरुवातीला इथेही छाटणीच चाले. प्राण्याची ताकद वाढवायला किती स्टारडस्ट लागते यावरून लेव्हलचा पट्टा कळे, डोक्यावरच्या कमानीतल्या ठिपक्यावरून तो आणखी अरुंद होई, आणि ऑगस्ट २०१६ पासून संघनायकाच्या, म्हणजे आपल्या संघाच्या खेळातल्याच एका पात्राच्या, बोलण्यावरून उरलेल्या शक्यता गळत. संघनायक ‘सर्वोत्तम’ म्हणाला की तिथे १५, त्याखालचे वाक्य असेल तर १३ किंवा १४. जुलै २०१९ पासून तीन पट्ट्या आणि तारे सरळ दाखवतात, आणि ही वाक्ये पाठ करण्याची गरज संपली.

पण पकडायच्या आधी काय निघेल हे ओळखणे अजून उरले आहे, आणि माझ्या मते आज खरी गंमत तिथेच आहे. रेड म्हणजे अनेकांनी मिळून एका बलाढ्य प्राण्याशी केलेली लढाई. साध्या रेडमध्ये जिंकलेला प्राणी, हवामानाचा जोर नसेल तर, लेव्हल २० चा असतो आणि त्याची कुठलीही आयव्ही १० च्या खाली नसते. म्यूटू हा दुर्मिळ प्राणी असेल तर सीपी २२९४ आणि २३८७ च्या दरम्यान येतो. २३८७ दिसला की पंधरा-पंधरा-पंधरा, दुसरी शक्यताच नाही. प्राणी पकडायचा चेंडू फेकण्यापूर्वीच हात थरथरतो तो यामुळे. हवामानाचाही हिशेब आहे. पावसात पाणी, वीज आणि कीटक प्रकारचे प्राणी जोरात असतात, आणि अशा जोरातल्या रानटी प्राण्याची कुठलीही आयव्ही ४ च्या खाली नसते. आषाढात इंदूरच्या पिपलियापाला तळ्याकाठी भिजत पकडलेल्या पिकाचूच्या शक्यता त्यामुळे ४,०९६ वरून १,७२८ वर येतात.

तिन्ही पंधरा असलेला प्राणी सर्वांत चांगला, हे गोमध्ये नेहमीच खरे नाही. ग्रेट लीग या खेळाडूंच्या आपसांतल्या लढायांत सीपी १५०० च्या पुढे चालत नाही. सीपीच्या सूत्रात अटॅक पूर्ण मोजला जातो, तर डिफेन्स आणि स्टॅमिना वर्गमुळाखाली असल्याने कमी. म्हणून अटॅकची आयव्ही शून्याच्या आसपास आणि बाकी दोन पंधराजवळ असलेला प्राणी त्याच मर्यादेत जास्त लेव्हल गाठतो आणि जास्त वेळ टिकतो. ०-१५-१५ ची बेरीज होते ३०, म्हणजे संघनायक त्याला फक्त दोन तारे देतो. पिकाचूची गोष्ट वेगळी. तो लेव्हल ५० लाही १०६० च्या पुढे जात नाही, त्यामुळे त्याला पंधराच हवेत. बाकीच्यांच्या बाबतीत तारे बघून प्राणी खेळातल्या प्रोफेसरकडे पाठवून देण्याची, म्हणजे कायमचा सोडून देण्याची, घाई महागात पडते. एकदा पाठवलेला प्राणी परत मिळत नाही, म्हणून पाठवण्याआधी पट्ट्या उघडून अटॅकची पट्टी रिकामी आणि खालच्या दोन भरलेल्या तर नाहीत ना, हे पाहून घ्यावे.