खोट्या दाव्यांना दंड: पार्श्वभूमी

एकदा निकाली निघालेला वाद पुन्हा उकरून काढू नये, हा विचार आपल्याकडे ब्रिटिश कायद्याच्याही आधीचा आहे. याज्ञवल्क्यस्मृतीवरील मिताक्षरा टीकेत प्रतिवादीच्या उत्तराचे चार प्रकार सांगितले आहेत आणि त्यांपैकी एक प्राङ्न्याय, म्हणजे याच वादात पूर्वी निर्णय झाला असल्याचे दाखवून देणे, हा आहे. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ११ मध्ये हेच तत्त्व आले. परंतु पक्षकारांची नावे फिरवून किंवा मागणीचे शब्द बदलून तोच दावा नव्याने दाखल करणाऱ्यांना केवळ या कलमाने आळा बसला नाही.

खोट्या वा त्रासदायक दाव्याबद्दल भरपाई देववणारे कलम ३५अ १९२२ साली संहितेत आले. त्यातील कमाल मर्यादा आज तीन हजार रुपये आहे. ज्याला मनाई हुकमाच्या जोरावर जमिनीचा ताबा दहा-पंधरा वर्षे टिकवता येतो, त्याला ही रक्कम मुळीच जड नाही. निकाल विरुद्ध गेला तरी लांबलेला काळच त्याच्या पदरात पडलेला असतो. या दुखण्याचे मूळ इथेच आहे, असे मला वाटते.

सवयीने दावे गुदरणाऱ्यांसाठी मद्रास प्रांताने १९४९ मध्ये आणि महाराष्ट्राने १९७१ मध्ये स्वतंत्र कायदा केला. राज्याचे सर्वोच्च विधी अधिकारी असलेल्या महाधिवक्त्यांच्या अर्जावरून उच्च न्यायालय अशा व्यक्तीला पूर्वपरवानगीशिवाय नवी कारवाई सुरू करण्यास मनाई करू शकते. १९७७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचे न्या. कृष्ण अय्यर यांनी टी. अरिवंदंदम प्रकरणात खालच्या न्यायालयांना बजावले की, चतुर शब्दरचनेने दाव्याला कारण असल्याचा केवळ आभास निर्माण केला असेल, तर तो दावा सुरुवातीलाच खुडून टाकावा.

वस्तुस्थिती लपवण्याच्या बाबतीत मात्र खरे वळण १९९३ च्या चेंगलवराय नायडू निकालाने दिले. एका सावकाराच्या कारकुनाने न्यायालयीन लिलावात सावकाराच्या वतीने मिळकत घेतली आणि नोंदणीकृत हक्कसोडपत्राने तिच्यावरील आपला हक्क सावकाराच्या नावे सोडला. पुढे तेच हक्कसोडपत्र दडवून त्याने त्या मिळकतीच्या वाटपाचा दावा लावला आणि प्राथमिक हुकूमनामाही (वाटपातील हिस्से ठरवणारा आदेश) मिळवला. वादीने खरी बाजू घेऊनच न्यायालयात यावे असे बंधन नाही, असे उच्च न्यायालयाने म्हटले होते. सर्वोच्च न्यायालयाने ते मत ठामपणे फेटाळले, महत्त्वाचा दस्त दडवणे ही न्यायालयाची फसवणूक ठरवली आणि ज्याची बाजूच असत्यावर उभी आहे त्याला कोणत्याही टप्प्यावर बाहेर काढता येते, असे सांगितले. पक्षकारांमधील खासगी लबाडी म्हणून पाहिली जाणारी गोष्ट इथे न्यायसंस्थेविरुद्धचा अपराध म्हणून पाहिली गेली, हे या निकालाचे मोठेपण आहे.

त्यानंतर अशा पक्षकारांना न्यायालये भरायला लावतात त्या खर्चाच्या रकमाही वाढत गेल्या. २०११ च्या रामरामेश्वरी देवी निकालात न्यायालयाने प्रत्यक्ष झालेला खर्च वसूल करण्यावर भर दिला, तर २०१७ मध्ये वारंवार निष्फळ याचिका करणाऱ्या सुराज इंडिया ट्रस्टला २५ लाख रुपयांचा दंड झाला. खोट्या शपथपत्रांसाठी फौजदारी चौकशीची वाटही खुली आहे. पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील कलम ३४० आता तिच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३७९ मध्ये आले आहे.

कलम ३५अ मधील तीन हजारांची मर्यादा २०१५ च्या वाणिज्यिक न्यायालये कायद्याने उठवली ती फक्त वाणिज्यिक वादांपुरती. गावातल्या बांधावरून चालणाऱ्या दाव्याला ती अजून लागू आहे.