वायकिंग ग्रेस
वायकिंग ग्रेस : फिनलंडमधील तुर्कू आणि स्वीडनमधील स्टॉकहोम यांदरम्यान ओलांड बेटांमार्गे चालणारे प्रवासी व मोटारवाहू जहाज. वायकिंग लाइन कंपनीसाठी ते तुर्कूच्याच गोदीत बांधले गेले आणि जानेवारी २०१३ मध्ये सेवेत आले. लांबी २१८ मी., प्रवासीक्षमता २,८००. मोटारी व ट्रक थेट आत चालवत नेण्याची ही पद्धत मुंबई–मांडवा सेवेमुळे आपल्याकडे ‘रो-रो’ या नावाने परिचित आहे. ओलांडचा थांबा काही मिनिटांचा असला, तरी त्या बेटांच्या वेगळ्या करदर्जामुळे जहाजावर करमुक्त विक्री करता येते. धंद्याच्या दृष्टीने हा थांबा मोलाचा.

जहाजाचे नाव झाले ते इंधनामुळे. बाल्टिक समुद्रात जहाजांच्या इंधनातील गंधकाची मर्यादा १ जानेवारी २०१५ पासून १ टक्क्यावरून ०.१ टक्क्यावर येणार, हे आधीच ठरले होते. महागडे डिझेल घ्या, धूर धुणारे स्क्रबर बसवा किंवा इंधनच बदला, असे पर्याय होते. ग्रेससाठी द्रवरूप नैसर्गिक वायू (एलएनजी) निवडला गेला. नॉर्वेच्या ‘ग्लुट्रा’ या छोट्या फेरीबोटीत तो २००० पासूनच वापरात होता. एवढ्या मोठ्या प्रवासी जहाजावर मात्र प्रथमच आला.

उणे १६२° से. तापमानाला हा वायू द्रवरूप होऊन सुमारे सहाशेपट कमी जागेत मावतो. तरीही डिझेलपेक्षा त्याला जास्त जागा लागते, शिवाय टाक्यांना जाड उष्णतारोधक आवरण हवे. प्रत्येकी २०० घ.मी.च्या दोन टाक्या मागच्या उघड्या डेकवर आहेत. त्यामुळे आतली जागा वाचते आणि गळती झालीच तर वायू आत कोंडत नाही. मात्र साठा बेताचा असल्याने इंधन वारंवार भरावे लागते. त्यासाठी स्टॉकहोममध्ये ‘सीगॅस’ हे छोटे जहाज शेजारी येऊन लागते. वार्टसिला कंपनीची चार यंत्रे वायू व डिझेल दोन्हींवर चालतात. त्यांच्या विजेवर जहाजाला पुढे ढकलणारे पाण्यातील पंखे फिरतात.

गंधक व काजळी जवळपास नाहीशी झाली, नायट्रोजन ऑक्साइडेही बरीच घटली. हवामानाचा हिशेब मात्र इतका सरळ नाही. यंत्रात न जळलेला थोडा मिथेन धुराड्यातून निसटतो आणि शंभर वर्षांच्या मापाने त्याची तापवण्याची क्षमता कार्बन डायऑक्साइडच्या सुमारे २८ पट आहे. २०२५ पासून लागू झालेल्या युरोपीय संघाच्या सागरी इंधन नियमांत हा निसटता मिथेनही मोजला जातो. जैववायू द्रवरूप करून याच टाक्यांत भरता येतो. त्याने कार्बनचा भार हलका होतो, निसटणारा मिथेन मात्र तसाच राहतो. २०१८ मध्ये वाऱ्याची मदत घेण्यासाठी २४ मी. उंच फिरता स्तंभही बसवला होता. तो २०२१ मध्ये काढला. मार्च २०२२ मध्ये याच मार्गावर आलेले ‘वायकिंग ग्लोरी’ही एलएनजीवरच चालते.