अनुकंपा नियुक्तीचा अर्ज फेटाळला? पुनर्विचार मागताना काय पाहावे

अनुकंपा नियुक्ती, म्हणजे सेवेत असताना मृत्यू पावलेल्या कर्मचाऱ्याच्या वारसाला दिली जाणारी नोकरी, हा वारसाहक्क नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्येच स्पष्ट केले आहे. मात्र अर्जाचा नियमानुसार विचार व्हावा आणि नकाराची कारणे लेखी मिळावीत, हा कुटुंबाचा हक्क आहे. महाराष्ट्र शासनाच्या सेवेत असताना मृत्यू पावलेल्या कर्मचाऱ्यांच्या कुटुंबांनी पुनर्विचार मागताना याच हक्कावर बोट ठेवावे.

‘आपला अर्ज नियमात बसत नाही’ एवढेच पत्र आले असेल, तर कोणता शासन निर्णय आणि त्यातील कोणती अट आड आली, हे आधी लेखी मागा. सोबत माहिती अधिकारात नस्तीवरील (फाइलवरील) टिप्पणी आणि नियुक्तीची वाट पाहणाऱ्या वारसांच्या प्रतीक्षासूचीची प्रत मागवा. शुल्क १० रुपये. अर्ज एकाच विषयावर, १५० शब्दांच्या आत.

पुनर्विचाराच्या अर्जात गाऱ्हाणे कमी आणि उत्तर जास्त हवे. नकाराचे जे कारण दिले, त्याच कारणाला कागदानिशी उत्तर द्या. मूळ अर्जाची पोच, नकाराचे पत्र, मृत्यूचा दाखला, वयाचा व शिक्षणाचा पुरावा, इतर पात्र वारसांचे ना-हरकत शपथपत्र आणि लहान कुटुंबाचे प्रतिज्ञापत्र जोडा. कर्मचाऱ्याला ३१ डिसेंबर २००१ नंतर तिसरे अपत्य झाले असेल, तर कुटुंब अपात्र ठरते.

अनेक वाद प्रतीक्षासूचीतील नाव बदलण्यावरून होतात. आईचे नाव प्रतीक्षासूचीत असते, नियुक्ती मिळण्याआधीच तिची वयाची ४५ वर्षे पूर्ण होतात, नाव वगळले जाते आणि मुलाचा अर्ज नाव बदलण्यास मनाई करणाऱ्या २० मे २०१५ च्या शासन निर्णयाकडे बोट दाखवून परत येतो. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०२४ मध्ये प्रतीक्षासूचीतील नाव बदलण्यास मुभा दिली. जुना नकार केवळ या कारणावर असेल, तर अर्जात या निकालाचा आधार जरूर घ्या.

महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाने (राज्य कर्मचाऱ्यांचे सेवाविषयक वाद ऐकणारी संस्था) किंवा न्यायालयाने ‘नव्याने विचार करा’ असे सांगितले, म्हणजे नोकरी मिळाली असे नव्हे. आदेशाची प्रमाणित प्रत लगेच कार्यालयात द्या, आवक क्रमांक घ्या आणि मुदत टिपून ठेवा. नवा आदेश काढताना अधिकाऱ्याने निकालातील मुद्द्यांवर मत द्यायला हवे. जुनेच वाक्य पुन्हा लिहिले असेल, तर तो विचार नव्हे. आदेशात नसलेली कारणे पुढे प्रतिज्ञापत्रातून भरता येत नाहीत, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाच्या १९७८ च्या मोहिंदरसिंग गिल निकालापासून रूढ आहे. म्हणून आदेशाचा शब्द न् शब्द वाचा.

अनेक चांगली प्रकरणे मुदतीत बुडतात. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांच्या प्रकरणात महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात अंतिम आदेशापासून १ वर्षात जावे लागते. निवेदनावर ६ महिने निर्णयच झाला नाही, तर ते ६ महिने संपल्यापासून १ वर्ष मोजतात. स्मरणपत्रांवर स्मरणपत्रे पाठवून ही मुदत वाढत नाही. जिल्हा परिषद कर्मचाऱ्यांच्या वारसांना मात्र उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते.